त्रिनिदादमध्ये एकच दिवस हातात असेल तर गाइडसोबतची टूर कशी ठरवावी

प्रश्न थोडक्यात असा आहे. न्यू जर्सीत राहणारं एक मराठी कुटुंब भारतातून आलेल्या आई-बाबांना घेऊन कॅरिबियनला निघालंय. आई-बाबा दोघंही सत्तरीच्या आसपास. त्रिनिदादला पोर्ट ऑफ स्पेनमध्ये मुक्काम आहे आणि त्यात मोकळा दिवस एकच. तिथल्या भारतीय वंशाच्या लोकांबद्दल ऐकलंय, ते जग थोडं जवळून बघायचंय. मग गाइड घेऊन पाच-सहा तासांची टूर करावी, की गाडी भाड्याने घेऊन आपलं आपण फिरावं? आणि टूर घ्यायचीच तर कुठली?

मी बरीच वर्षं मराठी ग्रुप घेऊन या बेटांवर जातोय. माझं सरळ मत आहे की गाइड घ्याच, आणि तो त्रिनिदादच्या मध्य भागातला, त्याच गावांमध्ये वाढलेला घ्या. वाहतूक आपल्यासारखी डावीकडून चालते, रस्तेही बरे आहेत, म्हणजे गाडी चालवायला काही अडचण नाही. अडचण वेगळीच आहे. जे बघायला तुम्ही जाताय, ते गाडीच्या काचेतून दिसत नाही. ज्या उसासाठी आपली माणसं तिथे नेली, तो ऊस आता जवळजवळ नाहीच. कॅरोनी ही सरकारी साखर कंपनी 2003 मध्ये बंद झाली आणि मैलोन् मैल पसरलेली शेतं ओसाड तरी पडली किंवा त्यांवर घरं उभी राहिली. सांगणारा माणूस शेजारी नसेल तर तुम्हाला एक गरम, सपाट, गर्दीचा प्रदेश दिसेल, रस्त्याकडेला दोन-तीन देवळं दिसतील, आणि तुम्ही परत याल.

आता टूर कुठली, याबद्दल. बुकिंगच्या वेळी तुम्हाला बहुतेक ठिकाणी एक भरगच्च पॅकेज दाखवतील: सकाळी शहर, मग समुद्रातलं मंदिर, मग ला ब्रेचं पिच लेक, आणि जमलं तर मराकस बीच. वाचायला छान वाटतं, पण नकाशा उघडून बघा. मराकस उत्तरेच्या डोंगरापलीकडे आहे आणि पिच लेक पार नैऋत्येच्या टोकाला. दोन्ही केलंत तर दिवस गाडीत जाईल आणि आई-बाबांच्या लक्षात फक्त एसीची थंडी राहील. पिच लेक मला स्वतःला फार आवडतं. साधारण 100 एकरांचं नैसर्गिक डांबराचं तळं आहे ते, 1595 मध्ये इंग्रज दर्यावर्दी वॉल्टर रॅलेने तिथलं डांबर आपल्या जहाजांना लावलं होतं. पण त्याला स्वतंत्र दिवस द्यावा. शहरातल्या सव्हाना मैदानाकडेचे ‘मॅग्निफिसंट सेव्हन’ हे विसाव्या शतकाच्या सुरुवातीचे सात वाडे हॉटेलवरून निघताना गाडी जरा हळू घेतली की बघून होतात, त्यासाठी वेगळे पैसे मोजू नका.

तुमच्यासाठी दिवस एकाच पट्ट्यात ठेवा: चगवानास, चेस व्हिलेज, कॅरापिचायमा, वॉटरलू. ही सगळी ठिकाणं एकमेकांपासून थोड्या थोड्या अंतरावर आहेत आणि पोर्ट ऑफ स्पेनहून दक्षिणेला जाणाऱ्या हायवेने सहज गाठता येतात. सकाळी ट्रॅफिकचा लोंढा शहराकडे येणारा असतो, तुम्ही उलट दिशेने जाणार, त्यामुळे साडेआठला निघालात तरी चालतं.

पहिला थांबा नाश्त्याचा करा, आणि नाश्ता हॉटेलात करू नका. रस्त्याकडेला डबल्सची गाडी असते तिथे थांबायला गाइडला सांगून ठेवा. डबल्स म्हणजे हळद घातलेल्या मऊ पिठाच्या तळलेल्या दोन छोट्या पुऱ्या, आणि त्यांत रसदार चणे. या पुरीला तिथे ‘बारा’ म्हणतात. विकणाऱ्याचा हात बघत राहावा असा असतो. कागदावर एक ‘बारा’, त्याला जरा चिकटून दुसरा, वर चमचाभर चणे, मग चिंचेची चटणी, काकडी, कैरीचा कुचेला, शेवटी मिरचीची चटणी, आणि क्षणात कागदाला पीळ देऊन पुडी तुमच्या हातात. तो फक्त तिखटाचं विचारतो. पहिल्यांदा ‘स्लाइट’ म्हणा. तिथली मिरची आपल्या लवंगीपेक्षा वेगळ्या जातीची आहे, तिचा झणका उशिरा येतो आणि बराच वेळ राहतो. आपल्याकडच्या पट्टीच्या तिखट खाणाऱ्यांचेही डोळे भरून आलेले मी पाहिलेत. लोक उभ्या उभ्या खातात, ऑफिसला जाणारे, शाळेची मुलं, पोलीस, भारतीय वंशाचे आणि आफ्रिकी वंशाचे, सगळे एका रांगेत. त्या दहा मिनिटांत त्रिनिदादबद्दल जे कळतं ते नंतर कुठल्या संग्रहालयात कळत नाही.

गाडीत बसल्यावर गाइडला आधी इतिहास सांगू द्या, म्हणजे पुढचं सगळं लागत जातं. ब्रिटिश वसाहतींमध्ये 1834 ला गुलामगिरी कायद्याने संपली. मुक्त झालेल्या आफ्रिकी लोकांवर आणखी काही वर्षं उमेदवारीच्या नावाखाली बांधिलकी लादली होती, तीही 1838 ला संपली. ते मळ्यांवर जुन्या अटींवर राबायला तयार नव्हते, आणि का असावेत? मग मळेवाल्यांनी करारावरचे मजूर आणले. 30 मे 1845 ला ‘फतेल रझाक’ हे जहाज कलकत्त्याहून दोनशेवर माणसं घेऊन त्रिनिदादला लागलं. 1917 पर्यंत हे चालू होतं आणि तोवर सुमारे 1 लाख 44 हजार भारतीय इथे आले. बहुतेक आजच्या पूर्व उत्तर प्रदेशातले आणि बिहारमधले, काही मद्रासकडचे. मराठी माणसं अशा कराराखाली गेली ती मुख्यतः मॉरिशसला, त्यामुळे इथे मराठी आडनावं शोधत बसू नका. करार पाच वर्षांचा असायचा. परतीचा हक्क नंतर होता, पण 1869 पासून काही काळ परतीच्या तिकिटाऐवजी जमीन देऊ केली गेली आणि पुष्कळ जण राहिले. आज देशाच्या लोकसंख्येत भारतीय वंशाचे लोक एक तृतीयांशाहून थोडे जास्त आहेत, आफ्रिकी वंशाचेही जवळपास तेवढेच.

चेस व्हिलेजमध्ये कुंभारांची दुकानं आहेत. दिवाळी तिथे 1966 पासून राष्ट्रीय सुट्टी आहे, आणि दिवाळीच्या आधीच्या आठवड्यांत इथे पणत्यांचे ढीग लागतात. एरवीही चाक चालू असतं. अर्धा तास पुरे. पणत्या घ्यायच्या असतील तर इथेच घ्या, आणि कागदात नीट गुंडाळून मागा.

मग कॅरापिचायमा. इथे हनुमानाची 85 फूट उंच मूर्ती आहे, 2003 मध्ये उभारलेली, आणि तिच्या पायाशी दत्तात्रेयाचं मंदिर. मैसूरच्या गणपती सच्चिदानंद स्वामींच्या परंपरेतलं ते आहे. बांधणी पूर्ण दाक्षिणात्य. वाडीला, औदुंबरला, गाणगापूरला जाणाऱ्या घरातल्या माणसांना तिथे गेल्यावर काय वाटतं ते मी शब्दांत सांगणार नाही. तुमचे आई-बाबा दत्तभक्त असतील तर या थांब्याला घाई करू नका, एवढंच. लोक मूर्तीभोवती प्रदक्षिणा घालतात, तुम्हीही घालू शकता, पण फरशी दुपारी अक्षरशः पोळते. अनवाणी चालायचं असल्यामुळे हे सकाळीच उरका किंवा आईंसाठी जाड पायमोजे सोबत ठेवा. गाभारा दुपारी बंद असू शकतो, वेळ गाइडकडून आधी पक्की करून घ्या. हाफ पँट नको.

इथून वॉटरलूकडे जाताना रस्त्याच्या दोन्ही बाजूंच्या घरांकडे बघत राहा. अंगणात बांबूंच्या काठ्यांवर रंगीत झेंडे दिसतील. घरात पूजा झाली की अंगणात झंडी लावतात. हनुमानासाठी लाल, बाकी देवांचे आपापले रंग. झेंडा उन्हापावसात विरून जातो, काढत नाहीत, पुढच्या पूजेला शेजारी नवा लागतो. चांगला गाइड नुसत्या झेंड्यांवरून सांगतो की या घरात कुठली पूजा झाली आणि साधारण कधी. गाडी थांबवायला सांगा, पण कुणाच्या अंगणात शिरून फोटो काढू नका.

वॉटरलूच्या समुद्रातल्या मंदिरासाठी एक तास तरी ठेवा. माझ्या मते या सबंध दिवसाचं कारणच ते आहे.

शिवदास साधू हा साधा मजूर होता. लहानपणी आईवडिलांबरोबर भारतातून आलेला. 1947 मध्ये त्याने किनाऱ्यावर एक छोटं देऊळ बांधलं. जमीन साखर कंपनीची होती. कंपनीने ते काढायला सांगितलं, त्याने नकार दिला. 1952 मध्ये देऊळ पाडलं गेलं, त्याला दंड झाला आणि तुरुंगातही जावं लागलं. बाहेर आल्यावर तो म्हणाला की जमीन तुमची असेल, समुद्र तर कुणाचा नाही. आणि मग त्याने समुद्रात भर घालायला सुरुवात केली. ओहोटी लागली की हा माणूस सायकलला बादल्या लटकवून दगड, वाळू, सिमेंट घेऊन चिखलातून निघायचा. लोखंडी पिंपं चिखलात उभी करून त्यांत काँक्रीट ओतायचा. भरती आली की परत. लोक हसायचे. तो आयुष्यभर ते करत राहिला आणि किनाऱ्यापासून साधारण 500 फूट आत त्याने देऊळ उभं केलं. 1970 मध्ये तो वारला. पुढे लाटांनी ते खचत गेलं. भारतीयांच्या आगमनाला दीडशे वर्षं झाली त्या निमित्ताने सरकारच्या मदतीने ते नव्याने बांधलं गेलं आणि 1995 मध्ये पुन्हा खुलं झालं.

आज तिथे पक्की वाट आहे, दोन्ही बाजूंना झेंडे, शेवटी ते अष्टकोनी पांढरं मंदिर. सुरुवातीलाच साधूचा पुतळा आहे. वाट सपाट आहे, काठी घेऊन चालणारेही जातात, फक्त सावली नाही. भरती असेल तर चहूकडे पाणी, फोटो सुंदर येतात. मी मात्र ओहोटीची वेळ निवडतो. पाणी मागे गेलेलं असतं, करडा चिखल दूरवर पसरलेला असतो, त्यावर पाणपक्षी उतरतात, आणि त्या चिखलाकडे बघितल्यावर कळतं की तो माणूस दररोज कशातून चालला असेल. गाइडला भरती-ओहोटीचं वेळापत्रक विचारा. ज्याला ते माहीत नसतं तो तिथला नव्हे.

शेजारीच किनाऱ्यावर दहनभूमी आहे. चिता पेटलेली असू शकते. आई-बाबांना हे आधी सांगून ठेवा, आणि कॅमेरा त्या दिशेला वळवू नका. जवळच भारतीय-कॅरिबियन वारशाचं एक छोटं संग्रहालय आहे. जुनी भांडी, शेतीची अवजारं, वाद्यं, कागदपत्रं. उघडं असेल तर अर्धा-पाऊण तास नक्की द्या, पण ते उघडं असल्याची खात्री आदल्या दिवशी करून घ्या.

जेवण स्थानिक रोटी शॉपमध्ये करा. डाळपुरी म्हणजे पिवळ्या वाटाण्याची डाळ शिजवून, वाटून भरलेली मोठी पातळ रोटी. ‘बस-अप-शट’ म्हणजे तव्यावरच झोडपून तुकडे केलेला पराठा. सोबत भोपळा, आलू-चणा, बोडी म्हणजे चवळीच्या शेंगा, वांग्याचा किंवा टोमॅटोचा चोखा, म्हणजे भरीत. अळू तिथे भरपूर, त्याला ते डशीन म्हणतात. डशीनची पानं पिठात गुंडाळून तळलेली सहीना मिळाली तर घ्याच, तुमच्या आईंना ती ओळखायला सेकंद लागणार नाही. गोडात कुरमा, साखरेच्या पाकात घोळलेला, आपल्या शंकरपाळ्यांच्या घरातला. शाकाहारी असाल तर कॅलालू मात्र विचारून घ्या. अळू, भेंडी आणि नारळाचं दूध घालून करतात, पण त्यात बहुधा खेकडा किंवा खारवलेलं मांस असतं. नुसतं ‘व्हेज’ म्हणू नका, ‘मांस नाही, मासे नाहीत, अंडं नाही’ असं स्पष्ट सांगा.

वागण्याबद्दल एक गोष्ट मला मनापासून सांगायची आहे, कारण ती दर ग्रुपला सांगावी लागते. तिथल्या लोकांना ‘तुम्ही मूळचे कुठले, हिंदी येत नाही का, जात कोणती’ असे प्रश्न विचारू नका. त्यांची पाचवी-सहावी पिढी तिथे जन्मलेली आहे. बोलणं इंग्रजीत आणि त्यांच्या क्रिओलमध्ये, म्हणजे इंग्रजीवर घडलेल्या स्थानिक बोलीत, भोजपुरी फार थोड्या म्हाताऱ्या माणसांकडे उरलीय. ते त्रिनिदादचे आहेत आणि त्याचा त्यांना अभिमान आहे. आपण त्यांना हरवलेले नातेवाईक समजून वागवलं की ते सभ्यपणे हसतात आणि गप्प होतात. त्याऐवजी त्यांच्या आजी-आजोबांबद्दल विचारा, त्यांच्या गावाबद्दल विचारा, बघा मग कसे बोलायला लागतात. जहाजांच्या नोंदी पोर्ट ऑफ स्पेनच्या राष्ट्रीय अभिलेखागारात जपलेल्या आहेत. करारावरच्या भारतीय मजुरांचे हे कागद 2011 मध्ये युनेस्कोच्या ‘मेमरी ऑफ द वर्ल्ड’ यादीत गेले. अनेक घरांनी आपल्या पूर्वजांचं नाव तिथून शोधून काढलंय, आणि ती गोष्ट ते आपणहून सांगतात. ‘कुली’ हा शब्द कौतुकानेही वापरू नका, तिथे तो शिवी म्हणून वापरला गेलाय.

आणखी एक. दिवस भारतीय वारशाचा असला तरी आफ्रिकी वारशाला वगळून त्रिनिदाद अर्धवट राहतं. गाइडला एखादं पॅनयार्ड, म्हणजे स्टीलपॅन वाजवणाऱ्या बँडची सरावाची जागा, दाखवायला सांगा. तेलाच्या पिंपांपासून घडवलेलं स्टीलपॅन हे वाद्य पोर्ट ऑफ स्पेनच्या गरीब वस्त्यांतल्या आफ्रिकी वंशाच्या पोरांनी 1930-40 च्या दशकांत घडवलं, वसाहतीच्या सरकारने त्यांचे ढोल बंद केल्यानंतरच्या काळात. आता ते देशाचं राष्ट्रीय वाद्य आहे आणि 11 ऑगस्ट हा संयुक्त राष्ट्रांनी जाहीर केलेला जागतिक स्टीलपॅन दिन. कार्निव्हलच्या आधीच्या आठवड्यांत गेलात तर संध्याकाळी सराव ऐकायला मिळतो. ते अनुभवल्याशिवाय येऊ नका.

परतीच्या वाटेवर कॅरोनीच्या दलदलीत बोटीने जायचं की नाही, हे आई-बाबांच्या दमावर ठरवा. बोटी दुपारी चारच्या सुमाराला सुटतात. खारफुटीतून तास-दीड तास, आणि सूर्य कलला की लालभडक स्कार्लेट आयबिसचे थवे एका बेटावर उतरतात. तो तिथला राष्ट्रीय पक्षी. खेकडे-कोळंबीसारख्या खाद्यातून त्याला तो रंग येतो. बोटीला छत असेलच असं नाही, शौचालय नसतं, डास असतात. डासांचं मलम आणि टोपी घ्या. कुणी क्रूझने येऊन हाच दिवस आखत असेल, तर जहाजावर परतायची वेळ आधी बघा. पक्षी सूर्यास्ताला येतात, आणि तोवर जहाज सुटायची वेळ झालेली असते. नेल्सन आयलंड, जिथे 1866 पासून नव्याने आलेल्या मजुरांना उतरवून ठेवायचे, तेही फार महत्त्वाचं आहे, पण त्याला वेगळी बोट, वेगळा अर्धा दिवस लागतो. या दिवसात ते कोंबू नका.

गाइड ठरवताना फोनवर बोला, नुसत्या मेसेजवर भागवू नका. दर माणशी आहे की गाडीचा, वाट बघण्याचे पैसे वेगळे आहेत का, जेवण धरलंय का, गाडीत आईंना चढायला पायरी आहे का, हे विचारा. चालकासह भाड्याने प्रवासी नेणाऱ्या गाडीची नंबरप्लेट तिथे ‘एच’ अक्षराने सुरू होते, तशीच गाडी येणार ना, हेही विचारा. आणि मग एकच प्रश्न विचारा: तुमचं गाव कोणतं आणि तुमच्या घरचे कुठल्या मळ्यावर होते? ज्याच्याकडे याचं उत्तर तयार असतं, त्याच्याबरोबर जा, दर थोडा जास्त असला तरी. अंधार पडल्यावर स्वतःहून भटकू नका. तिथे गुन्हेगारीचा प्रश्न खरा आहे, निघण्यापूर्वी प्रवासाच्या ताज्या सरकारी सूचना वाचा. लष्करी छापाचे, म्हणजे कॅमोफ्लाजचे कपडे सामानात टाकूच नका, त्रिनिदादमध्ये ते घालणं बेकायदा आहे, लहान मुलांसाठीसुद्धा.

शेवटी तुमच्या आई-बाबांसाठी सगळ्यात महत्त्वाचं. भारत सरकार त्रिनिदादला पिवळ्या तापाच्या देशांच्या यादीत धरतं. त्रिनिदाद सोडल्यापासून सहा दिवसांच्या आत ते भारतात उतरणार असतील तर लसीचं अधिकृत प्रमाणपत्र लागतं, आणि ते टोचल्यावर दहा दिवसांनी लागू होतं. नसेल तर विमानतळावरून थेट विलगीकरणात पाठवू शकतात. साठी ओलांडलेल्यांना ही लस देताना डॉक्टर जास्त काळजी घेतात, त्यामुळे हा निर्णय त्यांच्या डॉक्टरांशी बोलूनच घ्या. त्रिनिदादहून न्यू जर्सीला परतून आई-बाबा तिथे पुढे दोन-तीन आठवडे राहणार असतील तर परतीच्या वेळी हा नियम आड येत नाही. म्हणून गाइडच्याही आधी, त्यांच्या भारताच्या तिकिटाची तारीख बघा.